स्वयंपाकघराच्या दारातली नायिका

तुमच्या घरी रोज सकाळी पोळ्या करायला किंवा धुणीभांडी करायला येणाऱ्या ताईंचं पूर्ण नाव तुम्हाला माहीत आहे का? त्यांचं गाव कोणतं, मुलं कितवीत शिकतात, दुपारी दोन घरांच्या मधल्या वेळात त्या कुठे बसतात, डबा कुठे खातात? यातल्या एकाही प्रश्नाचं उत्तर देता आलं नाही तर वाईट वाटून घेऊ नका. आपल्यापैकी बहुतेकांची हीच अवस्था आहे. माणूस वर्षानुवर्षं घरात वावरतो आणि तरी आपल्याला दिसत नाही.

आता दुसरा प्रश्न. तिलोत्तमा शोम हे नाव तुम्ही ऐकलं आहे का? कदाचित लगेच आठवणार नाही. पण चेहरा पाहिलात तर म्हणाल, ‘अरे, ही तर ती!’ ‘दिल्ली क्राइम’मधली थंड डोळ्यांची गुन्हेगार, ‘द नाइट मॅनेजर’मधली पोटुशी गुप्तहेर अधिकारी, ‘पाताल लोक’च्या दुसऱ्या भागातली नागालँडमधली पोलीस अधिकारी. गेल्या काही वर्षांत ही अभिनेत्री तुमच्या मोबाइलवर आणि टीव्हीवर सतत येते आहे. पण त्याआधी जवळजवळ २० वर्षं ती अशा चित्रपटांत काम करत होती, जे बहुतेक गावांत लागलेच नाहीत आणि जिथे लागले तिथे आठवड्याभरात उतरले.

हे दोन प्रश्न एकत्र विचारण्याचं कारण असं की, तिलोत्तमाच्या प्रवासाची सुरुवात एका मोलकरणीच्या भूमिकेपासून झाली. तिला नायिका म्हणून मान मिळाला तोही मोलकरणीच्याच भूमिकेमुळे. मधल्या काळात काय घडलं, ते समजून घेण्यासारखं आहे. मग तुम्ही सिनेमावेड्या असा किंवा नसा.

झेंडूची फुलं आणि अॅलिस

२००१ साली मीरा नायर यांचा ‘मॉन्सून वेडिंग’ आला. दिल्लीतल्या पंजाबी घरातलं लग्न, पाहुण्यांची गर्दी, पाऊस, जुनी गुपितं. नसीरुद्दीन शाह, शेफाली शाह, वसुंधरा दास असे कितीतरी कलाकार त्यात होते. व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाला ‘गोल्डन लायन’ मिळाला. भारतीय चित्रपटाला हा मान त्याआधी फक्त एकदाच मिळाला होता, सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’ला, १९५७ साली. विशेष म्हणजे ‘मॉन्सून वेडिंग’चं चित्रीकरण अवघ्या ३० दिवसांत उरकलं होतं. कॅमेरा बराच वेळ हातात धरलेला, सेटचा झगमगाट नाही.

या गर्दीच्या लग्नघरात एक मोलकरीण आहे, अॅलिस. पाणी आणून देते, ट्रे घेऊन फिरते, कुणाशी फारसं बोलत नाही. मांडव घालायला आलेला दुबे, म्हणजे विजय राज, तिच्या प्रेमात पडतो. एका प्रसंगात अॅलिस मालकिणीच्या खोलीत आरशासमोर उभी राहून दागिने अंगावर लावून पाहते. खिडकीतून मांडववाले तिला पाहतात आणि चोर ठरवतात. दुबेला मात्र आरशात स्वतःला पाहणारी एक मुलगी दिसते. शेवटी झेंडूच्या फुलांनी मांडलेली त्याची ती अबोल मागणी ज्यांनी पाहिली, त्यांच्या लक्षात मुख्य लग्नापेक्षा हे छोटं लग्न जास्त राहिलं.

ही अॅलिस म्हणजे तिलोत्तमा. पहिलाच चित्रपट, मोजकेच संवाद आणि चित्रपट जगभर पोहोचलेला. कुणालाही वाटेल, आता गाडी सुरू झाली. पण आपल्याकडे एकदा मोलकरणीचं काम चांगलं केलं की, पुढे मोलकरीणच करायला बोलावतात. पोलीस चांगला केला की पोलीस, खलनायक चांगला केला की खलनायक. चेहरा, रंग, उंची पाहून भूमिका ठरतात. गोरीगोमटी नसलेली मुलगी श्रीमंत घरातली कशी दिसेल, हा प्रश्न आजही अनेक ऑफिसांत उघडपणे विचारला जातो.

अडखळणारी जीभ

तिलोत्तमाचा जन्म कोलकात्याचा. वडील हवाई दलात असल्यामुळे बदल्या ठरलेल्या. नवं गाव, नवी शाळा, नव्या मैत्रिणी. अशा घरातल्या मुलांना हे चांगलं ठाऊक असतं. त्यात लहानपणी ती बोलताना अडखळत असे. वर्गात उभं राहून उत्तर द्यायची वेळ आली की, बोबडी वळणाऱ्या मुलाची काय अवस्था होते, हे ज्या घरात असं मूल आहे त्या घराला विचारा. लोक हसतात, म्हणून मूल बोलतच नाही आणि बोलत नाही म्हणून ते आणखी मागे पडतं.

पुढे दिल्लीच्या लेडी श्रीराम कॉलेजात शिकताना ती नाटकाकडे वळली आणि अरविंद गौर यांच्या ‘अस्मिता’ या नाट्यसंस्थेत काम करू लागली. नाटकात पाठ केलेले शब्द असतात, तालीम असते, श्वास कुठे घ्यायचा ते ठरलेलं असतं. बोलताना अडखळणाऱ्या अनेकांना दुसऱ्याचे शब्द बोलताना जीभ मोकळी झाल्याचा अनुभव येतो. तिलोत्तमानेही मुलाखतींतून सांगितलं आहे की, अभिनयाकडे ती वळली त्यामागे हे अडखळणं होतं.

आज तिचं काम पाहताना एक गोष्ट लक्षात येईल. ती संवादांवर फारशी विसंबत नाही. एखादं वाक्य बोलण्याआधी ती जी क्षणभर थांबते, त्यात अर्धं दृश्य होऊन जातं. ज्याला लहानपणी प्रत्येक शब्द तोलून बोलावा लागला, त्याला शब्दाआधीच्या शांततेची किंमत कळत असावी.

मिळालेलं सोडून परत विद्यार्थिनी

‘मॉन्सून वेडिंग’नंतर तिने काय केलं? मुंबईत घर घेऊन निर्मात्यांच्या दारात उभी राहिली नाही. शिष्यवृत्तीवर न्यू यॉर्कला गेली आणि तिथल्या विद्यापीठात शिक्षणासाठी नाटकाचा वापर या विषयात पदव्युत्तर शिक्षण घेतलं. रायकर्स आयलंड या तिथल्या प्रसिद्ध तुरुंगात कैद्यांबरोबर तिने नाट्यशिक्षणाचं काम केलं. ज्यांच्याकडे समाज ‘गुन्हेगार’ या एका शब्दापलीकडे पाहत नाही, अशा माणसांबरोबर बसून त्यांना स्वतःची गोष्ट सांगायला शिकवणं, हे काम होतं.

२००८च्या सुमारास ती परतली आणि मुंबईत राहू लागली. म्हणजे बघा, वयाची तिशी जवळ आलेली, गाठीशी एक गाजलेला पण सात वर्षं जुना चित्रपट, ओळखी थोड्या. आपल्या चित्रपटसृष्टीत नायिकेची उमेद संपली असं ज्या वयात गृहीत धरतात, त्या वयात तिने सुरुवात केली. इटालियन दिग्दर्शकाचा ‘गंगोर’, दिबाकर बॅनर्जी यांचा ‘शांघाय’ अशा चित्रपटांत ती दिसत राहिली. कधी पाच दृश्यं, कधी सात.

मुलगा म्हणून वाढवलेली मुलगी

मग आला अनूप सिंग यांचा ‘किस्सा’. पंजाबी भाषेतला हा चित्रपट भारतीय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ आणि युरोपातल्या निर्मात्यांच्या पैशांतून उभा राहिला. फाळणीत घरदार गमावलेला उंबरसिंग, म्हणजे इरफान खान, वंशाला दिवा हवा या हट्टाने इतका पछाडतो की, चौथीही मुलगी झाल्यावर तिला मुलगा म्हणूनच जाहीर करतो. तिचं नाव कंवर. तिला पगडी बांधतो, कुस्ती शिकवतो, ट्रक चालवायला शिकवतो. एवढंच नाही, एका मुलीशी तिचं लग्न लावून देतो.

कंवरची ही भूमिका तिलोत्तमाची. शरीर मुलीचं, वागणं मुलाचं, मनात बापाच्या शाबासकीची भूक आणि आपण नक्की कोण, हे न सुटणारं कोडं. समोर इरफानसारखा नट. २०१३च्या टोरांटो महोत्सवात चित्रपट दाखवला गेला, तिथे त्याला आशियाई चित्रपटासाठीचा ‘नेटपॅक’ पुरस्कार मिळाला. अबुधाबीच्या महोत्सवात तिलोत्तमाला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

आणि भारतात? ‘किस्सा’ आपल्याकडे प्रदर्शित झाला फेब्रुवारी २०१५मध्ये. दीड वर्षानंतर, मोजक्या चित्रपटगृहांत. ‘मुलगाच हवा’ या हट्टाची गोष्ट ज्या देशाने सर्वात आधी पाहायला हवी होती, त्या देशातल्या बहुतेक घरांना ती आलेली कळलीसुद्धा नाही.

कमी पैशांचा सिनेमा म्हणजे काय?

इथे थोडं थांबून हा व्यवहार समजून घ्या. कारण आपल्याला वाटतं, चित्रपट चांगला असेल तर चालेलच. तसं होत नाही.

मोठ्या चित्रपटाचा निर्माता आधी मोठा नट घेतो. नटाच्या नावावर चित्रपटगृहं, टीव्ही आणि गाण्यांचे हक्क विकले जातात. म्हणजे चित्रपट होण्याआधीच बरेच पैसे सुरक्षित होतात. कमी पैशांच्या स्वतंत्र चित्रपटाचा रस्ता उलटा असतो. आधी दिग्दर्शक दोन-तीन वर्षं पटकथा लिहितो. मग ती घेऊन पटकथा कार्यशाळा, परदेशी निधी, सहनिर्माते यांच्याकडे जातो. गोव्यात दरवर्षी नोव्हेंबरमध्ये ‘फिल्म बाजार’ भरतो, तिथे असे दिग्दर्शक आपली गोष्ट घेऊन विकत घेणाऱ्यांच्या टेबलावर फिरत असतात. थोडे पैसे इथून, थोडे तिथून जमले की चित्रीकरण. दिवस कमी, म्हणून तालीम जास्त. नटांचं मानधन कमी, कधी नावापुरतंच. मग महोत्सव. महोत्सवात नाव झालं तर वितरक मिळण्याची आशा.

वितरक मिळाला तरी परीक्षा संपत नाही. जाहिरातीला पैसे नसतात. मल्टिप्लेक्समध्ये सकाळी साडेनऊचा किंवा दुपारी एकचा खेळ मिळतो, म्हणजे नोकरी करणारा माणूस जाऊच शकणार नाही अशी वेळ. शुक्रवारी तिकिटं विकली गेली नाहीत की, सोमवारी खेळ बंद. तुम्ही ‘रविवारी जाऊ, पुढच्या रविवारी जाऊ’ म्हणेपर्यंत चित्रपट उतरलेला असतो.

मराठीत याचं ठळक उदाहरण चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’. त्यात बचाव पक्षाचा वकील झालेला विवेक गोम्बर हाच चित्रपटाचा निर्माताही होता. सरकारी वकिलाच्या भूमिकेत गीतांजली कुलकर्णी होत्या. दिवसभर न्यायालयात कलमं वाचणारी आणि संध्याकाळी लोकलने घरी जाऊन स्वयंपाकाला लागणारी ती वकील आठवते ना? २०१४ साली व्हेनिसमध्ये या चित्रपटाने दोन मोठे पुरस्कार मिळवले, पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही. एका नटाने मित्राच्या गोष्टीवर विश्वास ठेवला, म्हणून हा चित्रपट झाला. विवेक आणि गीतांजली ही दोन नावं लक्षात ठेवा, पुढच्याच वळणावर ती पुन्हा भेटणार आहेत.

रत्नाच्या बांगड्या

२०१८च्या मे महिन्यात कान महोत्सवाच्या ‘क्रिटिक्स वीक’ विभागात ‘सर’ हा चित्रपट दाखवला गेला. दिग्दर्शिका रोहेना गेरा. नायक विवेक गोम्बर, नायिका तिलोत्तमा शोम आणि नायिकेच्या मैत्रिणीच्या भूमिकेत गीतांजली कुलकर्णी. गोष्ट आपल्या अगदी जवळची आहे.

रत्ना महाराष्ट्रातल्या खेड्यातली. लग्नानंतर थोड्याच दिवसांत नवरा गेला. सासरी विधवेच्या नशिबी जे येतं ते तिच्याही आलं. ती मुंबईला येऊन अश्विन या श्रीमंत तरुणाच्या उंच इमारतीतल्या घरात राहून काम करते. सासरी पैसे पाठवते, धाकट्या बहिणीचं शिक्षण करते. आणि मनात एक स्वप्न बाळगते, कपड्यांची डिझायनर होण्याचं.

चित्रपटाच्या सुरुवातीला रत्ना गावाहून मुंबईकडे निघते आणि वाटेत हातात बांगड्या चढवते. एकही संवाद नाही. पण मराठी घरात वाढलेल्या कुठल्याही बाईला हे समजावून सांगावं लागत नाही. गावात ज्या हातांना बांगड्यांची बंदी, त्या हातांना शहरात कुणी ओळखत नाही. मुंबईने रत्नाला दिलेली पहिली मोकळीक म्हणजे दोन-चार काचेच्या बांगड्या.

तिलोत्तमा बंगाली. तरी रत्नाचं हिंदी मराठी वळणाचं आहे आणि मैत्रिणीशी, बहिणीशी ती मराठीतच बोलते. साडी खोचण्याची पद्धत, जमिनीवर बसून जेवण्याची घाईची सवय, लिफ्टमध्ये मालकाबरोबर उभं राहताना अंग चोरणं, हे सगळं इतकं खरं आहे की, आपण आपल्या घरच्या ताईंना नव्याने पाहू लागतो. एका प्रसंगात रत्ना दुकानातले कपडे पाहायला आत शिरते आणि तिला बाहेर काढलं जातं. दुसऱ्या प्रसंगात पार्टीत एका पाहुणीच्या कपड्यांवर तिच्या हातून पेय सांडतं आणि सगळ्यांसमोर तिचा पाणउतारा होतो. ती रडत नाही. डोळे खाली घालून जमीन पुसते. आपण मात्र आपल्याच घरातला एखादा असा प्रसंग आठवून अस्वस्थ होतो.

मालक आणि मोलकरीण एकमेकांच्या जवळ येतात तेव्हा नेहमीच्या सिनेमात गाणं सुरू होतं. इथे रत्नाला भीती वाटते. त्याचं काय जाणार? फार तर मित्र हसतील. तिचं मात्र काम जाईल, राहण्याची जागा जाईल, गावात तोंड दाखवणं कठीण होईल, बहिणीचं शिक्षण अडेल. प्रेमाची किंमत दोघांसाठी सारखी नसते, हे हा चित्रपट आवाज न चढवता सांगतो. शेवटच्या प्रसंगात तर तिलोत्तमा फक्त एक शब्द बोलते. तो शब्द कोणता, ते इथे सांगत नाही. पाहा आणि ठरवा, एका शब्दात किती अंतर कापता येतं ते.

कानमध्ये चित्रपटाचं कौतुक झालं, फ्रान्समध्ये त्याच वर्षाच्या शेवटी तो प्रदर्शितही झाला. भारतात यायला २०२० उजाडलं. मार्चमध्ये येणार होता, पण करोनामुळे चित्रपटगृहांना कुलूप लागलं. अखेर नोव्हेंबरमध्ये ‘इज लव्ह इनफ? सर’ या नावाने तो लागला, तेव्हा लोक चित्रपटगृहात जायला घाबरत होते. जानेवारी २०२१मध्ये तो नेटफ्लिक्सवर आला आणि मग मात्र घराघरांत पाहिला गेला. त्याच वर्षीच्या फिल्मफेअर सोहळ्यात समीक्षकांच्या पसंतीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार तिलोत्तमाला मिळाला आणि सर्वोत्कृष्ट पटकथेचा रोहेना गेरा यांना. त्याच सोहळ्यात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार इरफान खान यांना जाहीर झाला, मरणोत्तर. ‘किस्सा’तले बाप आणि लेक एकाच यादीत होते, पण बाप ते पाहायला नव्हता.

पहिला चित्रपट २००१, फिल्मफेअर २०२१. मध्ये २० वर्षं.

आता ती मालकीण

२०२३ साली ‘लस्ट स्टोरीज २’ आला. त्यातली कोंकणा सेन शर्मा यांनी दिग्दर्शित केलेली ‘द मिरर’ ही गोष्ट अनेक घरांत मुलं झोपल्यावर पाहिली गेली असेल. या वेळी तिलोत्तमा मुंबईत एकटी राहणारी, नोकरी करणारी मालकीण आहे आणि तिच्या घरी काम करणारी सीमा झाली आहे आपली अमृता सुभाष. डोकं दुखतं म्हणून मालकीण दुपारी अचानक घरी येते आणि पाहते तर सीमा आणि तिचा नवरा तिच्याच पलंगावर.

पहिला राग येतो तो मालकिणीच्या बाजूने. आपल्याच घरात हे काय? मग हळूहळू दुसरी बाजू दिसते. एका खोलीत सगळं कुटुंब राहणाऱ्या बाईला नवऱ्याबरोबर दोन क्षणांचा एकांत मिळावा तरी कुठे? आणि मालकिणीच्या एकटेपणाचं काय? दोघींपैकी कुणालाही वाईट न ठरवता गोष्ट पुढे जाते. अॅलिस आणि रत्ना जगलेली अभिनेत्री आता दाराच्या दुसऱ्या बाजूला उभी आहे आणि तिला दोन्ही बाजूंचं ओझं माहीत आहे, हे तिच्या चेहऱ्यावर वाचता येतं.

कोंकणाबरोबर तिने याआधी ‘अ डेथ इन द गंज’मध्येही काम केलं होतं. १९७९ सालच्या मॅक्लुस्कीगंजमध्ये सुट्टीसाठी जमलेल्या एका कुटुंबाची ती गोष्ट. आणि २०२५मध्ये ती पुन्हा आपल्या भाषेकडे, बंगालीकडे वळली. तनुश्री दास आणि सौम्यानंद साही या दांपत्याने दिग्दर्शित केलेला ‘बाक्शो बंदी’ बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यात ती माया आहे. नवरा सैन्यातून परतलेला, मनाने खचलेला. मुलगा वयात येतो आहे. मिळतील ती कामं करून घर ओढणारी ही बाई. ओटीटीवर नाव झाल्यावर कुणीही म्हणेल, आता कशाला कमी पैशांचे चित्रपट? पण नाव झालं म्हणून तिने हा रस्ता सोडला नाही.

घरातलं कुणी ‘मला अभिनय करायचाय’ म्हणालं तर

हा प्रवास वाचून तुमच्या घरातल्या एखाद्या मुलाचे किंवा मुलीचे डोळे चमकले असतील, तर दोन गोष्टी मोकळेपणाने बोला.

पहिली, पैशांची. अशा सिनेमात पोट भरण्याची हमी नसते. एका भूमिकेपासून दुसऱ्या भूमिकेपर्यंत वर्ष जाऊ शकतं. म्हणून दुसरं एखादं कौशल्य हातात हवं. शिकवणं, अनुवाद, आवाज देणं, लेखन, काहीही. तिलोत्तमाने नाटक शिकवण्याचं शिक्षण घेतलं. त्याकडे ‘अभिनय जमला नाही तर’ म्हणून पाहू नका. तुरुंगात माणसं समजून घेतलेल्या बाईला पुढे पडद्यावर माणसं उभी करताना ते शिक्षण उपयोगी पडलंच असणार.

दुसरी, वेळेची. ‘पाच वर्षांत नाव झालं नाही तर परत ये’ अशी अट घालणारे पालक चुकीचे नसतात, त्यांना काळजी असते. पण अट घालताना विचारा, नाव होणं म्हणजे काय? पोस्टरवर चेहरा हेच नाव असेल तर पाच वर्षं पुरणार नाहीत, कदाचित पन्नासही नाहीत. काम सुधारतं आहे का, चांगले लोक पुन्हा बोलावतात का, मूल आनंदी आहे का, ही मोजपट्टी धरली तर दर वर्षी उत्तर मिळेल.

आणि हो, तुमचं मूल बोलताना अडखळत असेल तर त्याला गप्प बसवू नका. वाचातज्ज्ञाची मदत घ्याच, पण जवळपास बालनाट्याचा वर्ग असेल तर तिथेही पाठवून पाहा. मोठेपणी ते अभिनेता होवो न होवो, स्वतःचा आवाज तरी त्याला सापडेल.

तुमच्या हातात काय आहे?

आपण प्रेक्षक नेहमी तक्रार करतो, ‘हल्ली चांगले चित्रपटच येत नाहीत.’ येतात. आपण जात नाही. म्हणून थोडं बदलून पाहू या.

महिन्यातून एकदा घरच्यांनी मिळून असा एक चित्रपट पाहायचं ठरवा, ज्यात एकही मोठं नाव नाही. सुरुवात ‘सर’पासून करता येईल, तो वयात आलेल्या मुलांबरोबर बसून पाहता येतो. ‘चिंटू का बर्थडे’ तर लहान मुलांनाही आवडेल. युद्धकाळात बगदादमध्ये अडकलेलं बिहारी कुटुंब मुलाचा सहावा वाढदिवस कसा साजरा करतं, त्याची ती गोष्ट आणि त्यात आईच्या भूमिकेत तिलोत्तमाच आहे. ‘किस्सा’ आणि ‘द मिरर’ मात्र मोठ्यांसाठी ठेवा.

असा चित्रपट गावात लागला तर पहिल्या तीन दिवसांत जा. कमी पैशांच्या चित्रपटाचा जीव त्या तीन दिवसांत असतो. महाराष्ट्राबाहेर, इंदूर, बडोदा, हैदराबाद, बेळगावला राहत असाल तर तिथल्या मराठी मंडळात किंवा फिल्म क्लबात सुचवा, गणेशोत्सवात ऑर्केस्ट्राबरोबर एक दिवस रीतसर परवानगी घेऊन चांगला चित्रपटही दाखवू या. आवडला तर चार जणींना सांगा. ज्या चित्रपटाकडे जाहिरातीला पैसे नाहीत, त्याची जाहिरात तुमच्या तोंडूनच होते.

चित्रपट संपल्यावर लगेच टीव्ही बंद करून झोपायला जाऊ नका. घरात विचारा, आपल्याकडे काम करणाऱ्या ताई कुठल्या कपातून चहा पितात? तो कप वेगळा ठेवलेला आहे का? त्या बसतात कुठे, खुर्चीवर की जमिनीवर? आठवड्याची सुट्टी त्यांना मिळते की मागावी लागते? त्यांना शिवण, वाचन, संगणक असं काही शिकायचं आहे का, हे आपण कधी विचारलं आहे का? रत्नाला शिवणाच्या वर्गाला जाण्यासाठी दुपारचे थोडे तास हवे होते. ती परवानगी मागते तेव्हा तिचा आवाज किती खाली जातो, ते ऐका. तेवढे तास द्यायला कुणाचंच फारसं बिघडत नाही.

आणि उद्या सकाळी बेल वाजली, ताई आल्या की दार उघडताना त्यांचं पूर्ण नाव विचारा. आधी त्या बिचकतील, ‘कशाला ताई?’ म्हणतील. सांगा, ‘इतकी वर्षं विचारायचं राहून गेलं, म्हणून.’